पडद्यावरची इंदिरा आणि तुरुंगातल्या बायका

बाई सत्तेवर बसली की आपल्या समाजाला पहिला प्रश्न पडतो तो तिच्या धोरणांचा नसतो. तिच्या नवऱ्याचं काय झालं, मुलं कुणी वाढवली, एवढ्या मोठ्या खुर्चीची हाव तिला कशी सुटली, हे प्रश्न आधी येतात. इंदिरा गांधी जानेवारी १९६६ मध्ये पहिल्यांदा पंतप्रधान झाल्या आणि ३१ ऑक्टोबर १९८४ ला त्यांची हत्या झाली. त्याला चाळीस वर्षं उलटून गेली. त्या हयात असल्यापासून आजपर्यंत हिंदी सिनेमाने, दूरचित्रवाणीने आणि अलीकडे वेब मालिकांनी त्यांना कितीदा तरी पडद्यावर उभं केलं. केसांतली पांढरी बट, सुती साडी, खांद्यावरून घेतलेला पदर आणि गळ्यातली रुद्राक्षमाळ एवढं सामान जमवलं की इंदिरा गांधी तयार झाली, अशी या मंडळींची समजूत दिसते. पण मागे उरतो तो तोच जुना प्रश्न : ही बाई अशी का?

मैत्रिणींनो, माझं म्हणणं सरळ आहे. पडद्यावरच्या या इंदिरेचा खऱ्या इंदिरा गांधींशी संबंध थोडा आहे. आपल्याशी, म्हणजे राजकारणात पाऊल टाकू पाहणाऱ्या प्रत्येक बाईशी, तो जास्त आहे. म्हणून या विषयावर आपण बोललं पाहिजे. सिनेमा म्हणजे करमणूक, त्यात काय एवढं, असं म्हणून चालणार नाही.

आधीच सांगून टाकते, की मी इंदिराभक्त नाही. २५ जून १९७५ ला आणीबाणी लादणाऱ्या, वर्तमानपत्रांची तोंडं बांधणाऱ्या, हजारो माणसांना विनाचौकशी तुरुंगात टाकणाऱ्या सरकारच्या त्या प्रमुख होत्या. त्याचा हिशेब त्यांच्याकडूनच मागितला पाहिजे. पण हिशेब पंतप्रधानाकडून मागायचा असतो. तो त्यांच्या बाईपणाकडून मागितला की खऱ्या गुन्ह्याचा हिशेब राहूनच जातो.

नागपुरातले दोन प्रसंग

नागपूर आणि इंदिरा गांधी हे नातं जुनं आहे. जानेवारी १९५९ मध्ये काँग्रेसचं अधिवेशन नागपूरला भरलं आणि त्यानंतर लगेच, फेब्रुवारीत, त्या पक्षाच्या अध्यक्ष झाल्या. १९७७ साली उत्तर भारतात त्यांचा पक्ष भुईसपाट झाला, त्या स्वतः रायबरेलीत हरल्या, तरी नागपूरने लोकसभेवर काँग्रेसचाच माणूस पाठवला. लकडगंजहून फार दूर नसलेल्या मेयो रुग्णालयाला आज त्यांचं नाव आहे, जरी आमच्याकडची बाई बाळंतपणाला अजूनही ‘मेयोत’च जाते. असं हे शहर. इथे त्यांच्यावरच्या दोन सिनेमांवरून दोन प्रसंग घडले, ते शेजारी शेजारी ठेवून पाहण्यासारखे आहेत.

जुलै २०१७. मधुर भांडारकर यांचा ‘इंदू सरकार’ प्रदर्शित व्हायचा होता. पुण्यात काँग्रेसच्या कार्यकर्त्यांनी निदर्शनं केली, दुसऱ्याच दिवशी नागपुरात केली आणि भांडारकरांना इथली पत्रकार परिषद रद्द करावी लागली. कारण काय, तर नेत्याची बदनामी.

जानेवारी २०२५. कंगना राणावत यांचा ‘इमर्जन्सी’ प्रदर्शित व्हायच्या आठवडाभर आधी नागपुरात त्याचा खास खेळ झाला. खासदार आणि केंद्रीय मंत्री नितीन गडकरी आले. कंगना स्वतः, जयप्रकाशांची भूमिका करणारे अनुपम खेर, सगळे होते. लोकांनी हा सिनेमा जरूर पाहावा, असं आवाहन झालं. कंगना २०२४ पासून सत्ताधारी पक्षाच्या खासदार आहेत, हे वेगळं सांगायला नको.

एका पक्षाने पडदा पाडायचा आणि दुसऱ्याने पडदा उघडायचा. दोघांनाही पडद्यावर काय आहे याच्याशी फारसं देणंघेणं नव्हतं. एकाला घराण्याची अब्रू राखायची होती, दुसऱ्याला घराण्याची अब्रू काढायची होती. या दोन्ही गर्दीत एक तरी माणूस असं म्हणाला का, की आणीबाणीत बायकांचं काय झालं ते या सिनेमात कुठे आहे? माझ्या तरी कानावर आलं नाही. पुरुषांच्या दोन टोळ्यांनी एका मेलेल्या बाईच्या प्रतिमेवरून भांडावं आणि जिवंत बायकांनी कडेला उभं राहून पाहावं, हे आपण फार वर्षं चालू दिलं आहे.

मुकी बाहुली, दुर्गा आणि आई

पडद्याचे साचे पडद्यावर जन्मले नाहीत. ते आधी संसदेत आणि नाक्यावर तयार झाले. सुरुवातीला राममनोहर लोहियांनी इंदिरा गांधींना ‘गूंगी गुडिया’ म्हटलं. १९७१ च्या युद्धानंतर लोक त्यांना दुर्गा म्हणू लागले. त्याच काळात ‘मंत्रिमंडळातला एकमेव पुरुष’ हा शेरा चलनात आला आणि तो कौतुक म्हणून सांगितला जाई. आजही सांगितला जातो. नीट पाहा. बाई दुबळी दिसली तर बाहुली. जिंकली तर देवी, नाहीतर पुरुष. मधली जागा, म्हणजे चुकणाऱ्या, शिकणाऱ्या, डाव खेळणाऱ्या, जबाबदार धरता येईल अशा माणसाची जागा, तिला कुणी दिलीच नाही. सिनेमाने हे साचे जसेच्या तसे उचलले आणि त्यात आणखी दोन घातले : बिघडलेली बायको आणि हतबल आई.

बिघडलेल्या बायकोची कथा म्हणजे ‘आँधी’. गुलजार यांचा हा सिनेमा फेब्रुवारी १९७५ मध्ये आला. आरती देवी ही इंदिरा गांधींची गोष्ट नव्हे, असं तेव्हाही सांगितलं गेलं आणि गोष्ट म्हणून ती वेगळी आहेही. पण सुचित्रा सेन यांची साडी, चाल आणि केसांतली पांढरी बट पाहून प्रेक्षक काय समजायचं ते समजले. काही महिन्यांनी, आणीबाणीत, सिनेमावर बंदी आली. १९७७ मध्ये जनता सरकार आल्यावर ती उठली. बंदीमुळे हा सिनेमा आपल्याकडे शौर्याचा नमुना झाला आणि त्याच्या आत काय आहे ते तपासायचं राहून गेलं.

आत काय आहे? मोठ्या बापाची लेक प्रेमविवाह करते, पण बापाच्या महत्त्वाकांक्षेपायी राजकारणात जाते, संसार मोडतो, नवरा आणि मुलगी मागे राहतात. वर्षांनंतर निवडणुकीच्या दौऱ्यात ती ज्या हॉटेलात उतरते तिथे नवराच व्यवस्थापक असतो. लपूनछपून भेटी होतात, विरोधक तिच्या चारित्र्यावर चिखल उडवतात आणि शेवटी तिला भरसभेत सांगावं लागतं, की हा परका पुरुष माझा नवरा आहे. लोकांचे डोळे पाणावतात. ती निवडणूक जिंकते.

आमच्या लकडगंजच्या महिला मंडळात आम्ही हा सिनेमा मुद्दाम एकत्र बसून पाहिला. आरा मशीनच्या मागच्या खोलीत दहा-बारा जणी होत्या. त्यातल्या निम्म्या सकाळी धुण्याभांड्याची कामं करून आलेल्या, दोघी लाकडाच्या ढलप्या आणि भुसा गोळा करून विकणाऱ्या. सिनेमा सगळ्यांना आवडला. गाणी तर फारच आवडली. मग ढलप्या विकणारी एकजण म्हणाली, “पोरगी तं त्याचीबी होती नं? मंग पोरीले टाकून गेली म्हणून हिलेच कायले बोलून ऱ्हायले सारे? माहा नवरा कामाले सुरतले गेला, चार वर्सं आला नाही, त्याले कोणी काही म्हनलं नाही.” दुसरी म्हणाली, “अन् नवरा हाय म्हनून सांगितल्यावरच मतं भेटली. नसता तं?”

या दोन प्रश्नांपुढे सिनेमाचं समीक्षण फिकं पडावं. बाई निवडून येते ती तिच्या कामावर नव्हे, नवऱ्याचा दाखला दाखवल्यावर. नवरा पुढे आला नसता तर तिचं सगळं राजकारण एका अफवेवर बुडालं असतं. हा सिनेमा संवेदनशील आहे, बाईचं दुःख समजून घेणारा आहे, हे मला मान्य आहे. तरीही सत्तेची किंमत घर, एवढाच हिशेब तो मांडतो. हाच हिशेब आमच्या वस्तीत नगरसेवकाच्या जागेला उभ्या राहू पाहणाऱ्या प्रत्येक बाईपुढे तिची सासू, नवरा आणि शेजारी मांडत असतात.

त्याच वर्षीचा दुसरा सिनेमा म्हणजे अमृत नाहटा यांचा ‘किस्सा कुर्सी का’. त्याच्या प्रिंट मारुती कारखान्याच्या आवारात जाळल्या गेल्या. त्या खटल्यात १९७९ मध्ये संजय गांधी आणि विद्याचरण शुक्ल यांना खालच्या न्यायालयात शिक्षा झाली, पुढे वरच्या न्यायालयात ती टिकली नाही. नाहटांनी सिनेमा पुन्हा काढला, तो १९७८ मध्ये आला. सत्तेवरच्या बाईविरुद्ध काढलेल्या त्या सिनेमात शबाना आझमींची भूमिका होती जनतेची, आणि ही जनता मुकी होती. म्हणजे सत्तेला विरोध करणाऱ्यांनाही बाई आठवली ती मुकी, सोसणारी आणि फसवली जाणारी म्हणून. गूंगी गुडिया फक्त दुसऱ्या बाजूला जाऊन उभी राहिली.

अलीकडच्या सिनेमांत इंदिरा गांधी बहुतेक वेळा शोभेला असतात. ‘बेल बॉटम’मध्ये (२०२१) लारा दत्ता ओळखू येणार नाहीत इतका मेकअप झाला आणि चर्चा त्या मेकअपचीच झाली. बाकी सिनेमाभर शहाणपण नायकाचं आणि पंतप्रधानांचं काम मान डोलावण्याचं. ‘रेड’मध्ये (२०१८) त्या एका प्रसंगापुरत्या येतात, ‘ठाकरे’मध्ये (२०१९) बाळासाहेबांचं मोठेपण अधोरेखित करण्यापुरत्या, ‘पीएम नरेंद्र मोदी’मध्ये (२०१९) किशोरी शहाणे यांच्या रूपात खलनायिकेपुरत्या. ‘सॅम बहादूर’मध्ये (२०२३) फातिमा सना शेख यांनी त्या रंगवल्या. माणेकशॉ यांच्या नावावर सांगितला जाणारा ‘स्वीटी’चा किस्सा तर आपल्याकडे फारच लाडका. सेनापतीने पंतप्रधानाला असं संबोधलं, याचं आपल्याला हसू येतं. पंतप्रधान पुरुष असता तर हा किस्सा जन्मलाच नसता, हे मात्र लक्षात येत नाही.

‘भुज’ (२०२१) या सिनेमाचं उदाहरण मला विशेष लागतं, कारण लकडगंजात कच्छी कुटुंबं पुष्कळ आहेत. लाकडाच्या व्यापारात त्यांच्या पिढ्या गेल्या. डिसेंबर १९७१ मध्ये पाकिस्तानी बाँबहल्ल्यात भुजची धावपट्टी उखडली गेली, तेव्हा शेजारच्या माधापर गावच्या सुमारे तीनशे बायकांनी तीन दिवसांत ती दुरुस्त केली. युद्धाच्या इतिहासात बायकांच्या सामूहिक श्रमाचं इतकं सरळ उदाहरण क्वचितच सापडेल. सिनेमा आला तेव्हा फलकावर कोण होतं? अजय देवगण. दिल्लीत पंतप्रधान बाई, भुजमध्ये तीनशे बायका, आणि मध्ये उभा एकच नायक! वरच्या बाईला शोभेची केलं की खालच्या तीनशे बायकाही आपोआप गर्दी होतात.

दूरचित्रवाणीवरही हाच मासला. १९७७ च्या फेब्रुवारीत दिल्लीतल्या विरोधकांच्या सभेची गर्दी कमी व्हावी म्हणून दूरदर्शनवर ‘बॉबी’ दाखवला गेला, हा किस्सा सर्वज्ञात आहे. सरकारी पडदा इंदिरा गांधींच्या हातात असताना त्या त्यावर भारतमाता होत्या. एप्रिल १९८४ मध्ये अवकाशात गेलेल्या राकेश शर्मांशी बोलणाऱ्या, सात महिन्यांनी चितेवर असलेल्या. ज्या सकाळी त्यांना गोळ्या घातल्या गेल्या त्या सकाळीही त्या पीटर उस्तिनोव्ह यांच्या कॅमेऱ्यासमोर मुलाखत द्यायला निघाल्या होत्या. पुढे ‘प्रधानमंत्री’सारख्या मालिकेत (२०१३) नवनी परिहार यांनी आणि ‘रॉकेट बॉइज’च्या दुसऱ्या भागात (२०२३) चारू शंकर यांनी त्या केल्या. मराठी रंगभूमीवर रत्नाकर मतकरींनी ‘इंदिरा’ हे नाटक केलं आणि सुप्रिया विनोद यांनी ती भूमिका नाटकातही केली, ‘इंदू सरकार’मध्येही. या अभिनेत्रींच्या कष्टाबद्दल माझी तक्रार नाही. तक्रार त्यांच्या हाती दिलेल्या संहितांबद्दल आहे.

बाईने काढलेला सिनेमा

‘इमर्जन्सी’ची गोष्ट वेगळी असायला हवी होती. कथा बाईची, दिग्दर्शन बाईचं, मुख्य भूमिका तिचीच. तो सप्टेंबर २०२४ मध्ये यायचा होता. प्रमाणपत्र अडलं, निर्माते मुंबई उच्च न्यायालयात गेले, कात्री लागली आणि १७ जानेवारी २०२५ ला तो लागला. आणीबाणीतल्या मुस्कटदाबीवरचा सिनेमा सेन्सॉरच्या दारात चार महिने ताटकळला, यातली गंमत सत्ताधाऱ्यांच्या लक्षात आली नसावी.

पण हातात सगळं असूनही बाई काय सांगते? सांगते ते हेच, की मुलाच्या मायेने ती आंधळी झाली, संजय हाताबाहेर गेला, आणि मग तिला पश्चात्तापाने घेरलं. म्हणजे देशाची राज्यघटना एकवीस महिने गुंडाळून ठेवली गेली त्याचं कारण एका आईचं काळीज!

हे कारण खोटं आहे आणि ते सोयीचंही आहे. आणीबाणीच्या मागे १२ जून १९७५ चा अलाहाबाद उच्च न्यायालयाचा निकाल होता, गुजरात आणि बिहारची आंदोलनं होती, १९७४ चा चिरडलेला रेल्वे संप होता, महागाई होती, राष्ट्रपतीच्या एका सहीने मूलभूत हक्क स्थगित करता येतील अशी घटनेतली तरतूद होती, आणि मान तुकवणारं मंत्रिमंडळ होतं. ते मंत्रिमंडळ पुरुषांचं होतं, सही करणारे राष्ट्रपती पुरुष होते, हुकूम बजावणारे जिल्हाधिकारी आणि पोलीस अधिकारी पुरुष होते. आई-मुलाची गोष्ट सांगितली की हे सगळे सुटतात. कायद्यातली ती फटही सुटते. उद्या ती फट दुसरा कुणी वापरेल, आणि तो कुणाची आई नसेल.

पुरुषांना हा न्याय आपण लावतो का? मोरारजी देसाई पंतप्रधान असताना त्यांचे पुत्र कांती देसाई यांच्यावर आरोप झाले, जनता पक्षात त्यावरून वादळ उठलं. ‘बापाचं काळीज’ नावाचा सिनेमा कुणी काढला नाही. वाजपेयींवर रवी जाधव यांनी २०२४ मध्ये ‘मैं अटल हूँ’ काढला, त्यात त्यांच्या निर्णयांची कारणं त्यांच्या अविवाहित असण्यात शोधली नाहीत. पुरुषाचं राजकारण राजकारणातून समजावून सांगायचं आणि बाईचं गर्भाशयातून, हा दुजाभाव बाईने केला म्हणून कमी होत नाही.

पडद्यावर न आलेल्या

आता जे पडद्यावर नाही त्याच्याकडे येऊ. आणीबाणी ही बाईने लादली, एवढंच पडदा सांगतो. आणीबाणीशी बायका लढल्या, हे तो सांगत नाही.

१९७२ पासून मुंबईत मृणाल गोरे, अहिल्या रांगणेकर आणि त्यांच्या मैत्रिणींनी महागाईविरुद्ध हजारो बायकांना लाटणी घेऊन रस्त्यावर आणलं. आणीबाणी आल्यावर मृणालताई भूमिगत झाल्या. पकडल्या गेल्यावर त्यांना ठेवलेल्या तुरुंगांपैकी एक आपल्या विदर्भातला, अकोल्याचा. अहिल्याताई तुरुंगात होत्या, प्रमिला दंडवते येरवड्याला होत्या. दुर्गा भागवतांनी कऱ्हाडच्या साहित्य संमेलनात अध्यक्षपदावरून, समोर केंद्रीय मंत्री बसलेले असताना, विचारस्वातंत्र्यावर बोलून दाखवलं आणि पुढे त्यांनाही अटक झाली. अभिनेत्री स्नेहलता रेड्डी दम्याने आजारी असताना बंगळूरच्या तुरुंगात आठ महिने काढून जानेवारी १९७७ मध्ये सुटल्या आणि काही दिवसांतच गेल्या. १९७७ मध्ये मृणालताई आणि अहिल्याताई दोघीही लोकसभेत निवडून आल्या. ‘पाणीवाली बाई दिल्लीत, दिल्लीवाली बाई पाण्यात’ ही घोषणा तेव्हाची. त्या निवडणुकीत बाईला हरवणारं राजकारणही बायकांनी केलं होतं. मोठ्या पडद्यावर त्यांना नावापुरतीही जागा मिळत नाही, कारण त्यांची जागा दिली तर ‘सत्ता बाईला बिघडवते’ ही गोष्ट सांगता येत नाही.

दुसरी न सांगितलेली गोष्ट नसबंदीची. सिनेमात नसबंदी येते ती पुरुषाच्या अपमानाची गोष्ट म्हणून. तो अपमान खरा होता. १९७६-७७ या एका वर्षात देशात सुमारे ८२ लाख शस्त्रक्रिया झाल्या, त्यात बहुसंख्य पुरुषांच्या. शहा आयोगाने १,७७४ मृत्यूंची नोंद केली. महाराष्ट्राच्या विधिमंडळाने तर सक्तीच्या नसबंदीचं विधेयकच मंजूर केलं होतं, ते राष्ट्रपतींच्या संमतीअभावी अडलं. पण गोष्ट इथे संपत नाही. १९७७ नंतर पुरुषांच्या नसबंदीला हात लावायची कुठल्याही सरकारची छाती झाली नाही. खात्याचं नाव ‘परिवार कल्याण’ झालं आणि सगळं ओझं बायकांच्या पोटावर आलं. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत लग्न झालेल्या बायकांपैकी ३७.९ टक्के जणींची शस्त्रक्रिया झालेली होती, पुरुषांचं प्रमाण ०.३ टक्के. महाराष्ट्रात बायकांचं प्रमाण देशाहून जास्त. नोव्हेंबर २०१४ मध्ये शेजारच्या छत्तीसगडमधल्या बिलासपूरजवळ एका शिबिरात काही तासांत ८३ बायकांच्या शस्त्रक्रिया उरकल्या आणि डझनाहून अधिक बायका मेल्या. आणीबाणीची खरी शिक्षा आजपर्यंत कोण भोगतं आहे? त्यावर खास खेळ कोण लावणार?

तिसरी गोष्ट आपल्या घरची, मथुरेची. मार्च १९७२ मध्ये तेव्हाच्या चंद्रपूर जिल्ह्यातल्या देसाईगंजच्या पोलीस ठाण्यात एका आदिवासी मुलीवर अत्याचार झाला. सत्र न्यायालयाने पोलिसांना सोडलं, उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने १९७६ मध्ये शिक्षा दिली, सर्वोच्च न्यायालयाने १९७८ मध्ये पुन्हा सोडलं. १९७९ मध्ये लतिका सरकार, वसुधा धागमवार, उपेंद्र बक्षी आणि रघुनाथ केळकर यांनी खुलं पत्र लिहिलं आणि १९८० च्या ८ मार्चला देशभर बायका रस्त्यावर आल्या. तेव्हा इंदिरा गांधी नुकत्याच सत्तेवर परतल्या होत्या. १९८३ मध्ये बलात्काराचा कायदा बदलला. पंतप्रधान बाई होती म्हणून तो बदलला नाही. बायका उठल्या म्हणून बदलला. बाई सत्तेत असणं आणि बायकांच्या हातात ताकद असणं यांतला फरक शिकवायला याहून चांगला धडा नाही. पण इंदिरा गांधींच्या कुठल्या चरित्रपटात तो प्रसंग आपण पाहिला आहे?

आक्षेप

काही मैत्रिणी म्हणतील, निदान बाई पंतप्रधान पडद्यावर दिसते तरी, मुलींना तेवढाच आधार. मला हे पटत नाही. २०११ पासून महाराष्ट्रात स्थानिक संस्थांत निम्म्या जागा बायकांच्या आहेत. मुलींना बाई खुर्चीवर दिसते. त्यांना दिसत नाही ते खुर्चीवरचं काम. बैठक कशी चालवायची, अर्थसंकल्प कसा वाचायचा, चुकलं तर जाब कसा द्यायचा हे पडदा दाखवत नाही. दाखवतो ते फक्त डोळ्यांतलं पाणी नाहीतर डोळ्यांतला अंगार.

काही जणी म्हणतील, मग असल्या सिनेमांवर बंदी मागू या. मुळीच नाही. ‘आँधी’वरची बंदी, जाळलेल्या प्रिंट आणि नागपुरातली ती उधळलेली पत्रकार परिषद, यांतून आपण एवढं तरी शिकलं पाहिजे. बंदी सिनेमाला हुतात्मा करते आणि प्रश्न तसाच ठेवते. आपल्याला बोलायचं आहे, तर दुसऱ्याचं तोंड बांधून भागणार नाही.

आणि काही जण विचारतील, एका नेत्यावरच एवढं का? कारण नागपूर पाहा. १९५२ आणि १९५७ मध्ये नागपूरने अनसूयाबाई काळे यांना लोकसभेवर पाठवलं. १९४२ मध्ये चिमूरला बायकांवर झालेले अत्याचार उजेडात आणण्यात आणि फाशीची शिक्षा झालेल्यांचे जीव वाचवण्यात ज्यांनी जिवाचं रान केलं, त्या या बाई. त्याच वर्षी, जुलै १९४२ मध्ये, नागपुरातच सुलोचनाबाई डोंगरे यांच्या अध्यक्षतेखाली दलित महिलांची अखिल भारतीय परिषद भरली, बाबासाहेब तिथे बोलले, हजारो बायका आल्या. अनसूयाबाईंनंतर या शहराने एकही बाई लोकसभेवर पाठवलेली नाही. महाराष्ट्राला तर अजून एकही महिला मुख्यमंत्री मिळालेली नाही. २०२४ मध्ये ५४३ जणांच्या लोकसभेत बायका निवडून आल्या ७४. २०२३ मध्ये मंजूर झालेलं आरक्षण जनगणना आणि मतदारसंघ फेररचनेच्या दोरीने बांधून ठेवलं आहे. आणि या सगळ्यावर पडदा आपल्याला काय सांगतो? एक बाई सत्तेवर आली होती, बघा काय झालं!

आपण काय करायचं

सिनेमे पाहायचे. वस्तीत, एकत्र बसून, दिवे लावून, मध्ये थांबवून पाहायचे. प्रत्येक वेळी चार प्रश्न विचारायचे : हिचा निर्णय कोणत्या कारणाने झाला असं हा सिनेमा सांगतो? तेच काम पुरुषाने केलं असतं तर हेच कारण सांगितलं असतं का? या पडद्यावर आणखी किती बायका आहेत आणि त्या बोलतात का? आणि या गोष्टीत आपल्या वस्तीतल्या बाईचं काय झालं?

चौथ्या प्रश्नाचं उत्तर सिनेमात नसतं. ते आपल्या आजूबाजूला असतं. १९७५ ते १९७७ चा काळ ज्यांनी जाणत्या वयात पाहिला त्या बायका आज सत्तरीपुढे आहेत. कुणाचा नवरा उचलून नेला, कुणाची झोपडी तुटली, कुणाला रेशनसाठी शस्त्रक्रियेचा कागद मागितला गेला, कुणी पत्रकं पिशवीत लपवून पोचवली, आणि कुणाला इंदिरा गांधींबद्दल तेव्हाही आणि आजही प्रेम वाटतं, हे सगळं त्यांच्या तोंडून, त्यांच्याच बोलीत लिहून घ्यायला हवं. प्रेम वाटत असेल तर तेही जसंच्या तसं लिहायचं. प्रत्येक मंडळाने पाच बायकांच्या आठवणी घेतल्या तरी विदर्भाची एक वही भरेल. लकडगंजात आम्ही या कामाला लागतो आहोत. तुमच्या गावात, तुमच्या मोहल्ल्यात तुम्ही लागा. या बायका फार दिवस थांबणार नाहीत.